सतराव्या पानावरची कडी

१

ग्रुपात त्याला सगळे रफू म्हणत. खरं नाव कुणाला माहीत नव्हतं आणि विचारायचं कुणाला सुचलंही नव्हतं. जुन्या हिंदी कॉमिक्सच्या वेड्यांचा तो ग्रुप. चाळीसेक माणसं, बहुतेकांचे केस गेलेले किंवा पिकलेले. कुणी दातांचा डॉक्टर, कुणी विमा एजंट, कुणी नुसताच निवृत्त. लहानपणी भूगोलाच्या पुस्तकात लपवून वाचलेली कॉमिक्स आता माळ्यांवरून, ट्रंकांतून, रद्दीवाल्याच्या ढिगातून शोधून काढायची, स्कॅन करायची, साफ करायची आणि इंटरनेटवर सगळ्यांसाठी ठेवून द्यायची, एवढंच त्यांचं काम. छापणाऱ्या कंपन्या कधीच गाशा गुंडाळून गेल्या होत्या. आपण नाही केलं तर कोण करणार, हे सगळ्यांचं पालुपद.

साफसफाईत रफूचा हात धरणारा कुणी नव्हता. फोटो स्टुडिओत टचिंग करण्यातच त्याची हयात गेली होती. लोकांचे मुरूम पुसायचे, मिटलेले डोळे उघडायचे, मेलेल्या सासऱ्याला नातवाच्या बारशाच्या फोटोत उभं करायचं. दुपारी दोनला तो घरी येई, जेवे, आणि कॉमिक घेऊन खिडकीपाशी बसे. बोथट सुरीनं आधी पिना उचलायच्या. पान सुटं करून स्कॅनरच्या काचेवर ठेवायचं, वर काळा कागद, म्हणजे मागच्या बाजूची चित्रं आरपार दिसत नाहीत. मग संगणकाच्या पडद्यावर एकेक डाग टिपायचा. चहाचा गोल, झुरळाची घाण, कुण्या पोरानं व्हिलनला काढलेल्या पेनच्या मिशा. काम झालं की पान असं दिसे की जणू कुणी हात लावलेलाच नाही.

ग्रुपाचा मुख्य होता हेडमास्तर. खरोखरचा हेडमास्तर, निवृत्त, आणि शाळा सुटली तरी छडी न सुटलेला. त्याचा एकच नियम होता आणि तो तो उठता-बसता ऐकवी: फाटलेलं जोडा, मळलेलं धुवा, पण जे नाही ते बनवू नका. पान हरवलं असेल तर तिथे कोरं करडं पान टाकायचं.

तो नियम रफूनं मोडला.

२

कॉमिकचं नाव होतं ‘बिना सीढ़ी की मंज़िल’. नायक कप्तान कोहरा, बुरखा आणि लांब कोट, धुक्यातून येणारा. अख्ख्या ग्रुपात मिळून दोन प्रती, आणि दोन्हींतून नेमकं मधलं एक पान गेलेलं. बत्तीस पानी कॉमिकचं मधलं पान पिनांवर लोंबकळत असतं, तेच आधी जातं. मागची बाजू, म्हणजे पान अठरा, गोळ्या-बिस्किटांची जाहिरात. ती त्या वर्षीच्या सगळ्याच कॉमिक्सवर तशीच्या तशी होती. प्रश्न होता फक्त पान सतराचा.

सोळाव्या पानावर कप्तान जिना नसलेल्या मजल्यावर पोहोचतो. तिथे एका खोलीत लहान मुलगा कोंडलेला आहे. शेवटच्या चौकटीत कप्तान दारासमोर उभा. एकोणिसाव्या पानावर तो गच्चीवर एकटाच, आणि म्हणतो, ‘‘चलो, यह काम भी पूरा हुआ।’’ मुलाचं काय झालं? तीस-पस्तीस वर्षं चाळीस शहाणी माणसं यावर डोकं फोडत होती.

‘‘मी वाचलंय ते पान. लहानपणी,’’ असं एकदा रफू ग्रुपात बोलून गेला होता.

वाचलं नव्हतं. त्याच्या हाती आलेल्या प्रतीतही ते पान नव्हतंच. तो अकरा वर्षांचा होता, धाकटा भाऊ सहाचा. बारक्या म्हणत त्याला, दम्याचं पोर. सुट्टीतल्या दुपारी दोघं गच्चीवर टाकीच्या खोलीच्या सावलीत बसून लायब्ररीतून आणलेलं ते कॉमिक वाचत होते आणि सोळानंतर एकदम एकोणीस आलं. बारक्यानं भोकाड पसरलं, की त्या मुलाला कसं सोडवलं ते सांग. मग रफूनंच डोकं चालवलं. तू आत बैस. तू तो मुलगा. मी लायब्ररीत जातो, दुसरी प्रत बघतो, कप्तान दार कसं उघडतो ते वाचून येतो आणि अगदी तस्संच तुला सोडवतो. तोवर आवाज करायचा नाही, आवाज केलास तर तू आउट.

त्यानं टाकीच्या खोलीची कडी बाहेरून लावली आणि खाली पळाला.

लायब्ररीवाल्याशी भांडण झालं. दुसरी प्रत कुण्या मुलाकडे गेली होती. रफू त्याच्या घरी गेला, तर तो मामाकडे गेलेला. तिथून परत, मग नाक्यावर कुणी पत्ते खेळत होतं ते बघत उभा राहिला. पत्र्याचं छप्पर, उन्हाळ्याची दुपार. तो घरी आला तेव्हा जिन्यात माणसं होती आणि वरून आईचा आवाज येत होता.

टाकीच्या ओलीनं दार फुगून चौकटीत अडकलं, पोर एकटंच खेळायला गेलं होतं, असं सगळे म्हणाले. रफू मूग गिळून बसला. पुढे वडील गेले, ताई लग्न होऊन लांब गेली, त्याचं स्वतःचं लग्न राहूनच गेलं. घरात तो आणि आई. छत्तीस वर्षांत तिनं बारक्याचं नाव कधी टाळलं नाही, पण त्या दुपारबद्दल ती त्याच्याशी एक अक्षर बोलली नव्हती. तिला कळू नये, एवढं एकच मागणं घेऊन तो जगत आला होता.

सतरावं पान त्यानं तीन आठवडे खपून काढलं. त्याच चित्रकाराची रेघ, तसेच भडक रंग, रंग एकमेकांवर जरासे सरकलेले, कागद पिवळा. चार चौकटी. फुगून अडकलेलं दार, कप्तानचा खांदा, मोडलेलं दार, आणि कप्तानच्या कडेवर मुलगा. मुलाला त्यानं बारक्याचा हिरव्या पट्ट्यांचा सदरा घातला. रद्दीत सुटं पान मिळालं, स्कॅन करतानाच त्याचा भुगा झाला, अशी थाप मारून त्यानं ते कॉमिकमध्ये बसवून दिलं. निदान कुठेतरी तरी पोर बाहेर येऊ दे, असं त्याला वाटलं होतं.

ग्रुपानं त्याला डोक्यावर घेतलं. दातांच्या डॉक्टरनं लिहिलं, भावा, रडलो रे. रफूलाही त्या दिवशी बऱ्याच वर्षांनी शांत झोप लागली.

३

दीड महिन्यानं पार्सल आलं. दुसऱ्या गावच्या एका शिंप्यानं पाठवलेलं. चिठ्ठीत लिहिलं होतं, ‘‘काका वारले, त्यांच्या ट्रंकेत हे निघालं. पूर्ण आहे. साफ करून टाका.’’ आत ‘बिना सीढ़ी की मंज़िल’.

रफूनं नेहमीसारखी पिनेखाली सुरी घातली. कॉमिक मध्ये उघडलं आणि त्याचा हात जागीच थांबला.

पान सतरा जागेवर होतं. त्याचंच पान. त्याच चार चौकटी, तोच खांदा, तोच हिरव्या पट्ट्यांचा सदरा.

आधी त्याला हसू आलं. कुणीतरी आपलीच गंमत करतंय. नेटवरून उतरवलं, छापलं, घातलं आत. टचिंगवाल्याला असल्या लबाड्या शिकवायला नकोत. त्यानं भिंग काढलं. घरच्या प्रिंटरची शाई वेगळी दिसते, पसरते. इथे नीट गोल ठिपके होते, जुन्या छापखान्याचे. मागे जाहिरात होती. तिची काळी शाई कागदातून या बाजूला उतरली होती, ती उतरायला वर्षं लागतात. पिनांचा गंज पानात मुरलेला. एका कसरीनं तेराव्या पानापासून विसाव्यापर्यंत भोक पाडलं होतं आणि ते सरळ सतराव्या पानातून गेलं होतं. बाजूला दुसऱ्या कागदाचा सांधा कुठेच नाही. सोळा आणि सतरा एकाच अखंड तावाचे.

बाहेर रस्त्यावर कुणी गाडी चालू करायचा प्रयत्न करत होतं. पलीकडच्या खोलीत आईचा रेडिओ चालू होता. सगळं दुपारी चारला असतं तसंच होतं.

आपण ते पान खरंच कधी पाहिलं असेल, रफूनं स्वतःला बजावलं. कुठल्या तरी दुकानात टांगलेलं. डोक्यात राहिलं असेल आणि आपल्याला वाटलं आपणच काढलं. होतं असं. हिरवा सदरा काय, शंभर पोरांकडे असतो. एवढं पटवून झाल्यावर त्यानं पुन्हा भिंग लावलं, आणि मग त्याला पहिली चौकट नीट दिसली.

दाराला कडी होती, बाहेरून लावलेली.

त्यानं संगणकावर स्वतःची फाइल उघडली. त्याच्या दाराला कडी नव्हती. तो ती काढणारच नव्हता. काहीही काढलं असतं, पण ती नाही.

त्या संध्याकाळी आईनं विचारलं, ‘‘जेवत का नाहीस? बरं नाही का?’’

‘‘डोळे दुखतायत,’’ तो म्हणाला.

४

हेडमास्तरचा फोन स्टुडिओत आला, दुपारच्या आत. एरवी तो संध्याकाळी करी.

‘‘रफूभाऊ, आनंदाची बातमी. ‘मंज़िल’ची आणखी एक प्रत मिळाली. आमच्या जुन्या शाळेच्या कपाटात, जप्त केलेल्या पुस्तकांत. मीच केली असेल जप्त, काय सांगावं!’’ तो स्वतःच्याच विनोदावर खळखळून हसला. ‘‘पूर्ण प्रत आहे.’’

‘‘सतरा?’’

‘‘आहे की. तुमच्या पानाशी पडताळून पाहिलं. रेघ न् रेघ तीच. मानलं तुम्हाला, मी आपला मनात शंका घेऊन बसलो होतो.’’ मग आवाज जरा खाली आला. शाळेत मुलाला केबिनमध्ये बोलावल्यावर येत असेल तसा. ‘‘फक्त एक विचारतो, राग मानू नका. साफ करताना तुम्ही काही पुसलंत का?’’

‘‘काय पुसणार?’’

‘‘पहिल्या चौकटीत कडी आहे आणि कडीवर हात आहे. मुलाचा हात. लावतोय की काढतोय ते कळत नाही, पण आहे स्पष्ट. तुमच्यात हात नाही, कडीही नाही. डाग समजून उडवलंत का?’’

‘‘माझ्या पानावर नव्हतं ते.’’

‘‘अहो, छापील गोष्ट एका प्रतीत असते आणि दुसरीत नसते, असं कसं होईल? चुकतं माणसाचं. पण आपण माणसं पुसायची नाहीत, रफूभाऊ, डाग पुसायचे. नवीन पान टाका, हातासकट. मी स्कॅन पाठवतो.’’

स्कॅन आलं. रफूनं ते गिऱ्हाईक खुर्चीवर बसलेलं असताना उघडलं. कोपऱ्यातून आत आलेला हात, मनगटापर्यंत. अंगठ्याच्या नखावर आडवी काळी रेघ. अकराव्या वर्षी दारात चेंगरलेलं ते नख. ती रेघ आता नव्हती, पण नख अजून जरा वाकडं वाढायचं. त्यानं अंगठा मुठीत लपवला.

‘‘हसू का?’’ गिऱ्हाईकानं विचारलं.

‘‘नको,’’ रफू म्हणाला. ‘‘पासपोर्टला हसत नाहीत.’’

५

त्यानं कानाला खडा लावला. पान बदललं नाही, ग्रुपही सोडला. हेडमास्तरनं चार वेळा फोन केला, मग लांबलचक लिहिलं, की तुमच्यासारख्या माणसाकडून ही अपेक्षा नव्हती, आपण सगळे मिळून एक बालपण सांभाळतोय. बालपण म्हणे! रफूला अशी चीड आली की त्यानं फोन गादीवर फेकला. यांचं सगळ्यांचं बालपण म्हणजे आंब्याच्या फोडीसारखं गोड, साल काढून ठेवलेलं. सांभाळा, धुवा, पुसा. ज्यांना तिथून परत यायचं असतं आणि येता येत नाही, त्यांचं काय करायचं ते यांच्या नियमांत नव्हतं.

शिंप्याची प्रत त्यानं फाडली नाही. दोनदा हातात घेतली आणि दोनदा ठेवली. हिरवा सदरा मधे येत होता. शेवटी वर्तमानपत्रात गुंडाळून त्यानं ती कपाटात टाकली.

घरात काही होत नव्हतं. कुणी चालत नव्हतं, दारं वाजत नव्हती. त्याचाच त्याला त्रास होऊ लागला. रेडिओ बंद झाला की जी शांतता पडे, ती रिकामी वाटत नसे. वर्गात पन्नास पोरं तोंडावर बोट ठेवून बसली की पडते, तशी ती शांतता. कुणीतरी ती मुद्दाम, जीव तोडून पाळत असल्यासारखी. तो जेवताना भांडं आपटे, उगाच खोकून पाही. आपण थकलोय, सुट्टी घ्यायला हवी, असं तो रोज ठरवी आणि रोज कामावर जाई, कारण घरापेक्षा ते बरं होतं.

दुसरं पार्सल आलं तेव्हा तो घरी नव्हता.

६

दोनला तो आला तर आई त्याच्या टेबलाशी बसलेली. त्याच्या खुर्चीवर ती कधी बसत नसे. पार्सलचा कागद नीट घडी करून बाजूला ठेवलेला, समोर कॉमिक मध्यावर उघडलेलं आणि तिच्या हातात त्याचं भिंग.

‘‘आई, ते ठेव. ते माझं काम आहे.’’

‘‘ये. बैस,’’ ती म्हणाली. अठ्ठ्याहत्तर वर्षांची बाई, पण आवाज स्वच्छ. ‘‘मला हिंदी वाचायला वेळ लागतो. पण हे हिंदी नाही.’’

तो उभाच राहिला. उभ्या उभ्या त्याला पान दिसलं. कप्तान कोहरा पानात कुठेच नव्हता. चारही चौकटींत एकच दार, पत्र्याच्या छपराचं, आणि दाराशी अकरा वर्षांचा मुलगा. पहिल्या तीन चौकटींत त्याची पाठ होती. चौथीत त्यानं मान वळवली होती. चेहरा छापताना रंग सरकला होता, तरी ओळखायला भिंग लागलं नसतं.

‘‘कुणीतरी चेष्टा करतंय,’’ तो म्हणाला. ‘‘हल्ली संगणकावर काहीही करता येतं. मी सांगतो ना, माझाच धंदा आहे तो.’’

‘‘कडी बाहेरून होती,’’ आई म्हणाली.

त्यानं टेबलाची कड धरली.

‘‘मीच काढली ना ती. मला माहीत नसेल होय? शेजारचे वर यायच्या आत मी दाराला लाथा घातल्या, चौकट खिळखिळी केली. म्हटलं, दार फुगलं होतं. तुझ्या वडिलांनाही तेच सांगितलं, ते तसेच गेले.’’

‘‘तुला माहीत होतं?’’

‘‘एक गेला होता. दुसराही घालवू?’’

खिडकीतून ऊन टेबलावर आलं होतं. आईनं भिंग पुसलं, खाली ठेवलं, पुन्हा उचललं.

‘‘मी वाट पाहिली, तू येशील, सांगशील,’’ ती म्हणाली. ‘‘वर्षभर पाहिली, मग दहा वर्षं. तू टेबलाशी बसून लोकांची पुस्तकं धूत राहिलास. मला तुझा इतका राग यायचा की तुझं ताट वाढताना हात आखडायचा. पण वाढायचे. काय करणार?’’

‘‘आई...’’

‘‘थांब. हे वाच.’’ तिनं बोट ठेवलं ते दाराच्या फटीतून निघालेल्या छोट्या फुग्यावर. बाकी सगळ्या कॉमिकभर हिंदी होती, जाड, ठसठशीत. हा फुगा मराठीत होता आणि अक्षर छापील नव्हतं. पहिलीतल्या मुलाचं, काने रेघेखाली उतरलेले.

‘आई, मी आवाज नाय केला. दादाला सांग.’

‘‘मी कडी काढली तेव्हा तो होता अजून,’’ आई म्हणाली. ‘‘माझ्या मांडीवर एवढंच बोलला. मग नाही. हे मी कुणालाही सांगितलेलं नाही. तुझ्या वडिलांना नाही, ताईला नाही. तुला तर नाहीच, मुद्दाम नाही. तुला ते मिळू नये असं वाटायचं मला. मग हे इथे कुणी छापलं?’’

ती त्याच्याकडे पाहत नव्हती. ती कान देऊन काहीतरी ऐकत होती, आणि तेव्हा त्याच्या लक्षात आलं की रेडिओ बंद आहे आणि ती शांतता खोलीत आहे. अगदी जवळ, टेबलापाशी.

‘‘तो अजून आवाज करत नाहीये,’’ आई म्हणाली. ‘‘तू सांगितलं होतंस ना त्याला. तुझं ऐकायचा फार.’’

छत्तीस वर्षं दाबून ठेवलेलं वाक्य अगदी छोटं निघालं. ‘‘कडी मी लावली,’’ तो पुटपुटला.

‘‘मोठ्यानं बोल. त्याला ऐकू जायला हवं.’’

‘‘कडी मी लावली!’’ तो ओरडला. शेजारी ऐकतील, रस्त्यावर ऐकतील, कशाचंच त्याला भान उरलं नाही. ‘‘मी लावली आणि विसरलो. मी पत्ते बघत उभा राहिलो. संपला खेळ. बारक्या, संपला रे, ये बाहेर!’’

काही झालं नाही. खिडकीबाहेर सायकलची घंटी वाजली. आणि मग आईनं आपले पाय जरा बाजूला घेतले, टेबलाखालून कुणी येत असताना वाट द्यावी तसे. तिचा उजवा हात खुर्चीवरून खाली आला आणि हवेत एका जागी थांबला, सहा वर्षांच्या पोराचं डोकं जिथे येईल तिथे. तिनं तो तिथेच फिरवला, केसांवरून फिरवावा तसा.

रफू गुडघ्यांवर बसला. दोन्ही हात पुढे केले. त्याच्या बाजूची हवा नुसतीच हवा होती. तो तसाच थांबला, हात पसरून, किती वेळ ते त्याला कळलं नाही.

‘‘दादाकडे जातोस?’’ आईनं खाली वाकून हळूच विचारलं. उत्तर ऐकलं. मग तिनं मान वर केली आणि लेकाकडे पाहिलं. तिच्या डोळ्यांत आता रागही नव्हता.

‘‘नको म्हणतोय,’’ ती म्हणाली.